परक्या कोर्टात आपल्या वतीने कोण बोलणार?



गेल्या हिवाळ्यात आमच्या अश्दोदच्या मोआदोनमध्ये एक भगिनी माझ्याजवळ येऊन बसल्या. पर्समधून चार घड्या घातलेला कागद काढला आणि म्हणाल्या, "बाई, जरा वाचून सांगा, यावर सही करू का?"

कागद दोन रकान्यांचा होता. एकीकडे इंग्रजी, दुसरीकडे अरबी. त्यांच्या मुलाने दोन भागीदारांबरोबर दुबईत छोटी कंपनी काढली आहे. ठिबक सिंचनाचे सुटे भाग इथून तिकडे नेऊन विकतात. कंपनीतला थोडा हिस्सा आईच्या नावावर आहे. एका गिऱ्हाइकाने माल उचलला आणि पैसे थकवले. आता दुबईतले कोणी गृहस्थ म्हणतात की मला मुखत्यारपत्र करून द्या, मी तुमच्या वतीने कोर्टात उभा राहतो, वकिलाच्या फीच्या पाव हिश्श्यात काम करून देतो.

मी म्हटले, "ताई, आज सही करू नका. मला दोन दिवस द्या."

मी वकील नाही. एकतीस वर्षे शाळेत मुले शिकवली, तेवढीच माझी विद्या. पण हा विषय मला ठाऊक आहे, कारण आमच्या घराने या धड्याची फी भरलेली आहे. 2020 च्या सप्टेंबरात अमिरातीशी करार झाल्यापासून आपली मुले-नातवंडे दुबईला धंद्यासाठी जाऊ लागली आहेत, आणि भारतात राहिलेल्या आपल्या भावंडांची मुले तर तिथे कितीतरी आधीपासून नोकऱ्या करीत आहेत. म्हणून मला जे समजले ते इथे लिहिते.

आधी घरची गोष्ट. माझ्या थोरल्या बहिणीचा मुलगा ठाण्याचा. शारजात एका कचेरीत नऊ वर्षे हिशेबनीस होता. 2017 साली मालकाने त्याला कामावरून काढले. शेवटचे चार पगार दिले नाहीत आणि नोकरी संपल्यावर मिळायची ग्रॅच्युइटीही दिली नाही. मुलगा ठाण्याला परतला. तेव्हा ओळखीतल्या ओळखीत एक गृहस्थ पुढे आले. ते तिथे बरीच वर्षे राहिलेले, अरबी फाडफाड बोलणारे. "तू फक्त कुलमुखत्यारपत्र पाठव, बाकी सगळे मी बघतो." बहिणीने आपल्या बांगड्या मोडून त्यांना आगाऊ पैसे पाठवले.

पहिल्या खेपेस खिडकीवरच सांगितले की कागदावर जे शिक्के हवेत ते नाहीत. कागद ठाण्याला परत आला, पुन्हा गेला. दुसऱ्या खेपेस त्या गृहस्थांना सांगण्यात आले की तुम्ही वकिलांच्या यादीत नाही आणि नातलगही नाही, तेव्हा कोर्टात बाजू मांडता येणार नाही. मग मालकानेच अर्ध्या रकमेवर मिटवायची तयारी दाखवली. त्या वेळी असे निघाले की मुखत्यारपत्रात तडजोड करण्याचा अधिकार लिहिलेलाच नाही! या येरझाऱ्यांत वर्ष उलटले. त्या काळी नोकरीच्या दाव्याला मुदत एका वर्षाचीच होती. दावा बुडाला. बांगड्याही गेल्या.

तो माणूस लबाड होता असे मी म्हणत नाही. त्याला बहुधा खरेच वाटत होते की मुखत्यारपत्र हातात असले की झाले. आमच्या बहिणीलाही तसेच वाटत होते, आणि मलाही. ही समजूत कुठून आली याचा मी नंतर विचार केला, तेव्हा आपल्या मराठी भाषेतच तिचे मूळ सापडले.

वकील हा शब्द अरबी. त्याचा मूळ अर्थ, ज्याच्यावर आपण आपले काम सोपवले तो. त्याला सनद लागत नाही, पदवी लागत नाही. आपल्याकडेही हा शब्द आधी त्याच अर्थाने आला. हिंगणे घराणे दिल्लीच्या दरबारात पेशव्यांचे वकील होते, असे आपण इतिहासाच्या पुस्तकात वाचले आहे. ते काही काळा डगला घालून युक्तिवाद करीत नव्हते. पेशव्यांच्या वतीने बोलत होते, पत्रे पाठवीत होते, पैशांचे व्यवहार पाहत होते. मुखत्यार हा शब्दही अरबीच. पुढे इंग्रजांच्या कोर्टांमुळे मराठीत वकील म्हणजे कायदा शिकलेला, सनद घेतलेला माणूस असा अर्थ रुळला, पण वकीलपत्र, कुलमुखत्यारपत्र हे जुने शब्दही राहिले. त्यामुळे आपल्या मनात दोन्ही गोष्टी एकमेकींत मिसळून गेल्या.

दुबईत त्या मिसळलेल्या नाहीत. तिथे वकील म्हणजे अजूनही फक्त आपण नेमलेला माणूस. त्याला दिलेला अधिकार म्हणजे वकाला. आणि कोर्टात बाजू मांडण्याची सनद असलेला तो मुहामी. आपला ओरेख-दीन म्हणजे त्यांचा मुहामी. वकाला तुम्ही कोणालाही देऊ शकता. भावाला, मित्राला, शेजाऱ्याला. पण वकाला दिली म्हणून तो मुहामी होत नाही. आपल्या वतीने घराचे भाडे गोळा करणे, बँकेत जाणे, कागद दाखल करणे, चेक घेणे ही झाली कामे. न्यायाधीशापुढे बाजू मांडणे हे वेगळे.

हा भेद काही अरबांनीच काढलेला नाही. मुंबई हायकोर्टात छगला साहेब मुख्य न्यायाधीश असताना नॅशनल रेयॉन कंपनीच्या एका प्रकरणात हाच प्रश्न आला होता. 1955 च्या निकालपत्रांत तो छापलेला आहे. मुखत्यारपत्र घेऊन आलेल्या माणसाला कोर्टापुढे बोलायचे होते. हायकोर्टाने सांगितले की मुखत्यार पक्षकाराच्या वतीने कृती करू शकतो, पण युक्तिवाद करणे हा त्याचा हक्क नाही. अलिबाग-पेणकडे ज्यांच्या वडिलोपार्जित जमिनीचे दावे अजून चालू आहेत आणि ज्यांनी पुतण्याच्या नावाने मुखत्यारपत्र करून ठेवले आहे, त्यांनीही हे ध्यानात घ्यावे. आणखी एक गोष्ट, डिसेंबर 2004 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुण्यातल्या एका मालमत्तेच्या वादात स्पष्ट केले की जी हकीकत तुम्हाला स्वतःला ठाऊक आहे, तिची साक्ष तुमच्याऐवजी मुखत्यार देऊ शकत नाही. तुम्ही पाहिले, तुम्ही ऐकले, तर तुम्हीच पिंजऱ्यात उभे राहायला हवे.

भारतात मात्र थोडी सवड ठेवली आहे. 1961 च्या वकिलांच्या कायद्यात असे कलम आहे की एखाद्या प्रकरणापुरती कोर्ट वकील नसलेल्या माणसालाही परवानगी देऊ शकते. ग्राहक न्यायालयांत तर याहून मोकळीक आहे. दक्षिण मुंबईच्या ग्राहक मंचापुढे सहल कंपन्यांविरुद्धच्या तक्रारींत हा वाद निघाला. ग्राहकाच्या वतीने वकील नसलेला प्रतिनिधी बोलत होता, आणि समोरच्यांनी हरकत घेतली. वाद हायकोर्टात गेला, तिथून दिल्लीला गेला, आणि 2011 साली सर्वोच्च न्यायालयाने प्रतिनिधीच्या बाजूने निकाल दिला. पुढे 2014 मध्ये अशा प्रतिनिधींसाठी नियमही झाले. ग्राहक चळवळीतल्या लोकांनी हा आपला मोठा विजय मानला, आणि तो होताच.

योगायोग बघा, आपल्या इथला वकिलांच्या लिश्काचा कायदाही 1961 चाच. इथेही दुसऱ्याच्या वतीने कोर्टात उभे राहणे हे ओरेख-दीनचे काम. पण दोन अपवाद आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिले असतील. एक, लहान दाव्यांचे कोर्ट, तिथे उलट वकिलालाच परवानगीशिवाय उभे राहता येत नाही. आपली कैफियत आपण सांगायची. दुसरा अपवाद रब्बानी न्यायालयाचा. तिथे तोएन रब्बानी असतात. ते ओरेख-दीन नसतात, धर्मशास्त्र शिकून परीक्षा दिलेले असतात आणि नवरा-बायकोच्या खटल्यांत बाजू मांडतात. 1990 च्या दशकापासून स्त्रियाही हे काम करू लागल्या. म्हणजे इथे वकील नसलेला माणूस उभा राहतो, पण तोही शिकलेला आणि यादीत नाव असलेला.

आता दुबईकडे वळू.

संयुक्त अरब अमिराती हा सात अमिरातींचा देश, 1971 च्या डिसेंबरात झालेला. अजमान, फुजैरा, उम्म अल क्वैन इथे मध्यवर्ती सरकारची कोर्टे आहेत. दुबई, अबू धाबी आणि रास अल खैमा यांनी आपापली ठेवली आहेत. त्याच्या आधीच्या काळात हिंदी व्यापाऱ्यांचे खटले इंग्रज पोलिटिकल एजंटाच्या कचेरीत चालत, आणि बाजारात चालायचा तो रुपया! 1959 साली रिझर्व्ह बँकेने आखातासाठी वेगळ्या नोटा काढल्या होत्या. माझे एक काका बोटीवर नोकरीला होते, त्यांच्याजवळची तांबडट नोट मी लहानपणी पाहिली आहे. असो.

या साऱ्या कोर्टांची भाषा अरबी. तुमचा करार इंग्रजीत असो की हिब्रूत, सरकारमान्य भाषांतरकाराकडून तो अरबीत करून घ्यावा लागतो. आणि आपण सिनेमात पाहतो तसे तिथे वकिलाने तासभर भाषण करण्याचा प्रकार नाही. सारे लेखी. एक बाजू अरबीत निवेदन देते, दुसरी त्याला लेखी उत्तर देते, पुढची तारीख पडते. सुनावणी म्हणावी तर पाच-दहा मिनिटांची, आणि कोविडच्या काळापासून पुष्कळदा पडद्यावरच. म्हणून "मी अरबी चांगले बोलतो, मी तुमच्या वतीने उभा राहतो" या वाक्यात फारसा अर्थ नाही. कायद्याचे अरबी लिहिणारा माणूस लागतो.

वकिलीचा तिथला पहिला मध्यवर्ती कायदा 1991 चा, तेविसाव्या क्रमांकाचा. त्याच्या जागी 2022 मध्ये नवा आला. दोन्हींत मूळ गोष्ट तीच की मुहामींच्या यादीत नाव असल्याशिवाय वकिली करायची नाही. आणि या यादीत मुख्यतः तिथले नागरिकच असतात. आता यातून एक मोठी फसगत होते, ती नीट समजून घ्या. दुबईत पाट्यांवर इंग्रजीत लीगल कन्सल्टंट असे लिहिलेले दिसते. आत बसलेले गृहस्थ किंवा बाई मुंबईच्या, कोचीच्या, लंडनच्या असतात. कायद्याच्या पदव्या असतात, अनुभवही दांडगा असतो. ते खोटे नसतात. त्यांनाही परवाना असतो, पण तो सल्ला देण्याचा, करार लिहून देण्याचा. अरबी कोर्टात उभे राहायचे तर त्यांना मुहामी गाठावा लागतो. तेव्हा फी ठरवताना विचारायचे, "कोर्टात तुम्ही स्वतः जाणार की दुसरा कोणी? त्याचे नाव काय? त्याची फी यातच धरली आहे का?" हे विचारायला संकोच वाटता कामा नये. आपण भाजी घेतानाही तराजूकडे बघतोच ना.

मग वकिलाशिवाय काहीच होत नाही का? होते. स्वतःचा दावा माणूस स्वतः चालवू शकतो. खालच्या कोर्टात जाऊन आपले म्हणणे मांडायला कोणी अडवत नाही. नवरा, बायको किंवा जवळचा नातलग यांना मुखत्यारपत्रावर उभे राहू द्यायचे की नाही हे कोर्टाच्या हाती असते. ती सवलत आहे, हक्क नव्हे. सर्वांत वरच्या, म्हणजे कॅसेशन कोर्टात मात्र वकिलाच्या सहीशिवाय अर्ज चालत नाही. फौजदारी गुन्ह्यात आरोपीला फाशी किंवा जन्मठेप होऊ शकत असेल आणि त्याला वकील नसेल, तर कोर्टच वकील नेमते. तिथे मित्राने किंवा मुखत्याराने लुडबुड करायची नसते.

स्वतः उभे राहण्याची परंपरा आपल्या मुंबईला नवी नाही. 1908 साली लोकमान्य टिळकांनी न्यायमूर्ती दावरांपुढे आपला बचाव आपणच केला. कित्येक दिवस ते बोलत होते. ते कायदा शिकलेले होते हे खरे, आणि शिक्षा झाली हेही खरे. पण आपले म्हणणे आपल्या तोंडून ऐकवण्याचा हक्क त्यांनी सोडला नाही.

नोकरदारांसाठी तर हा रस्ता तिथे बराच सोपा केला आहे, आणि याचेच मला अजून वाईट वाटते. पगार थकला तर प्रथम कोर्टात जायचे नसतेच. आधी तिथल्या मनुष्यबळ मंत्रालयाकडे तक्रार करायची. तक्रार कामगार स्वतः करतो. टायपिंग सेंटरवाला फार तर अर्ज टाइप करून देतो. मंत्रालय दोघांना बोलावून मिटवायचा प्रयत्न करते. 2024 च्या जानेवारीपासून पन्नास हजार दिरहमपर्यंतच्या तक्रारीचा निवाडा मंत्रालय स्वतःच करू शकते. त्याहून मोठी रक्कम असेल आणि मिटले नाही तर प्रकरण कोर्टाकडे पाठवतात. एक लाख दिरहमपर्यंतच्या नोकरीच्या दाव्याला कोर्टाची फी लागत नाही. मुदतही आता नोकरी संपल्यापासून दोन वर्षांची केली आहे. अबू धाबीच्या कामगार न्यायालयात तर 2019 पासून अरबी आणि इंग्रजीच्या जोडीला हिंदीतही अर्ज आणि माहिती मिळते. आमच्या मुलाच्या वेळी यातले सारे नव्हते, पण मंत्रालयात जाऊन स्वतः तक्रार करायची सोय तेव्हाही होती. शारजा सोडण्यापूर्वी एक दिवस त्या दारात गेला असता तर मुखत्यारपत्राची पाळीच आली नसती. त्याला कोणी सांगितले नाही.

भारतीय पासपोर्ट असलेल्या आपल्या नातलगांनी आणखी एक दार लक्षात ठेवावे. 2010 साली राष्ट्रपती प्रतिभाताई पाटील दुबईला गेल्या होत्या तेव्हा त्यांच्या हस्ते भारतीय कामगारांसाठी मदत केंद्र सुरू झाले. पुढे त्याचे नाव बदलले, पण काम तेच. फोनवर आणि समक्ष सल्ला मिळतो, कायद्याचा सुद्धा. वकिलात तुमचा खटला चालवत नाही, पण कुठल्या दाराशी जायचे हे सांगते, आणि फी घेत नाही.

कंपनीचे प्रकरण निराळे. माणूस म्हणू शकतो, "हा मी, माझे ऐका." कंपनीला असे म्हणता येत नाही; तिला ना तोंड, ना पाय. तिच्या वतीने कोणीतरी हाडामांसाचा माणूस यावाच लागतो, आणि तो कोण हे कागदावरून ठरते. अमिरातीत कंपनीच्या व्यापारी परवान्यावर आणि स्थापनेच्या दस्तऐवजात मॅनेजरचे नाव असते. कंपनीच्या वतीने सही करणारा, वकील नेमणारा, मुखत्यारपत्र देणारा तो. भागीदार असणे पुरेसे नाही. त्या भगिनींच्या कागदाचा पहिला दोष इथेच होता. थकलेले पैसे कंपनीचे, आईचे नव्हेत. आईने सही केलेले मुखत्यारपत्र कंपनीला बांधत नाही. उद्या त्या गृहस्थांनी आईच्या वैयक्तिक नावाने काही लिहून दिले असते, तर ते मात्र आईला बांधले असते! हे मी त्यांना सांगितले तेव्हा त्यांनी कागद पटकन पर्समध्ये टाकला.

मॅनेजरने दिलेल्या अधिकारातही एक मेख आहे, आमच्या मुलाला नडली तीच. "माझ्या वतीने सर्व कामे करावीत" एवढे लिहून भागत नाही. तडजोड करणे, दावा सोडून देणे, समोरच्याचे म्हणणे कबूल करणे, प्रकरण लवादाकडे नेणे, शपथ घालणे, यांतल्या प्रत्येक गोष्टीसाठी स्पष्ट शब्द हवेत. नसले तर तेवढा अधिकार दिलाच नाही असे धरतात. आपल्याला वाटते की सर्व म्हटले की सर्व आले. तिथला कायदा म्हणतो, नाव घेऊन सांगा. यात शहाणपण आहे हे मी कबूल करते. हरणे किंवा अर्ध्यावर मिटवणे हे दुसऱ्याच्या हाती सोपवताना माणसाने दोनदा विचार करावा. पण उलटही धोका आहे. छापील नमुन्यात हे सारे शब्द आधीच घातलेले असतात आणि आपण न वाचता सही करतो. पैसे स्वीकारण्याचा अधिकार कोणाला देत आहोत तेवढे तरी बघावे.

कागद परदेशात करायचा असला तर शिक्क्यांची साखळी लांब आहे. इथे केला तर नोटरी, त्याच्या सहीवर सरकारी दाखला, मग परराष्ट्र मंत्रालय, मग अमिरातीचा दूतावास. हा दूतावास तेल अवीवमध्ये 2021 च्या जुलैपासून आहे, म्हणून आता निदान दुसऱ्या देशात हेलपाटे घालावे लागत नाहीत. कागद तिथे पोचल्यावर अरबी भाषांतर आणि तिथल्या मंत्रालयांचा शिक्का. भारतात केला तरी असेच. पुष्कळांना वाटते की अपोस्टिलचा शिक्का मारला की तो जगभर चालतो. अमिरातीसाठी दूतावासाचा शिक्का लागतो. आमच्या मुलाचा कागद पहिल्या खेपेला परत आला तो यामुळेच.

आता एक चांगली बातमी. दुबईच्या आत इंग्रजीत चालणारेही एक कोर्ट आहे. 2004 साली तिथे आंतरराष्ट्रीय वित्त केंद्र काढले, ज्याला सारे डीआयएफसी म्हणतात, आणि त्याला स्वतःची कोर्टे दिली. तिथे इंग्लंडच्या धर्तीचा कायदा, इंग्रजी भाषा, आणि न्यायाधीश निरनिराळ्या देशांतले. अबू धाबीतही असेच एक केंद्र आणि असेच कोर्ट आहे. दुबईच्या या कोर्टात लहान दाव्यांचा एक विभाग आहे. लहान म्हणजे आपल्या अश्दोदच्या मानाने लहान नव्हे; पाच लाख दिरहमपर्यंतचे दावे तिथे चालतात. त्या विभागात पक्षकाराने स्वतः यायचे असते. वकील आणायचा तर परवानगी लागते. आणि कंपनीतर्फे तिचा अधिकारी किंवा नोकर बोलू शकतो. म्हणजे ज्या प्रश्नावर हा लेख लिहिते आहे, त्याचे तिथले उत्तर नेमके उलटे आहे. वकील नसलेल्याने बोलावे अशीच तिथे अपेक्षा असते.

पण त्या दारातून आत जायचे कसे? 2011 पासून कोणीही त्या कोर्टात जाऊ शकते, दोन्ही बाजूंनी तसे लेखी कबूल केले असले तर. करारातच एक ओळ असावी लागते. आणि इथे पुन्हा एक गैरसमज. दुबईत जेबेल अलीसारखे कितीतरी फ्री झोन आहेत. आपली कंपनी फ्री झोनमध्ये आहे म्हणून आपले भांडण आपोआप या इंग्रजी कोर्टात जाईल असे नाही. करारात ती ओळ नसेल तर बहुधा अरबी कोर्टाचाच रस्ता.

दोन दिवसांनी त्या भगिनी मुलाला घेऊनच आल्या. मी त्याला विचारले, "परवान्यावर मॅनेजर म्हणून कोणाचे नाव आहे?" त्याचेच होते. "गिऱ्हाइकाशी केलेला करार आहे का?" होता, फोनमध्येच. मी चष्मा पुसून शेवटचे पान काढायला लावले. करार लिहून देणाऱ्या सल्लागार बाईंनी ती ओळ घातली होती, वाद झाल्यास डीआयएफसी कोर्ट. मुलाला आठवतही नव्हते. थकलेली रक्कम एक लाख चाळीस हजार दिरहम.

त्याने अर्ज स्वतःच भरला, इथूनच, संगणकावर. एका दुपारी ओळखीच्या ओरेख-दीनला तासाभराची फी देऊन कागद नजरेखालून घालून घेतले. लहान दाव्यांच्या विभागात पहिली भेट समेटासाठी असते. न्यायाधीश पडद्यावर होते, गिऱ्हाइकाचा माणूस होता, आणि कंपनीच्या वतीने हा. आई शेजारच्या खोलीत तेहिलिमचे पुस्तक घेऊन बसल्या होत्या. पाऊण तासात ठरले, चार हप्ते, पहिला महिन्याभरात.

पहिला आला. दुसरा पेसाखनंतर यायचा आहे. दुबईतल्या त्या गृहस्थांचे दोन फोन येऊन गेले. त्यांचा तो दोन रकान्यांचा कागद मी मागून घेतला आहे, मोआदोनमध्ये कोणाला पाहायचा असेल तर माझ्या कपाटात आहे.